कुंपणात सोडलेली वाट

आधी आपांचं सांगतो, काय झालं ते मागून सांगेन. शहरातल्या छावणी भागाच्या बाजारात पिठाच्या गिरणीला लागून मोबाईल दुरुस्तीचं एक दुकान आहे. दुकान कसलं, माणूस हात पसरून उभा राहिला तर दोन्ही भिंतींना बोटं टेकतील. ते आपा चालवतात. पन्नाशीच्या पुढच्या, डोक्यावर घट्ट ओढणी, कपाळावर चढवलेलं भिंग, आणि समोर बिस्किटांचे पत्र्याचे डबे एकावर एक. कुठल्या डब्यात काय आहे ते फक्त त्यांना ठाऊक. गिऱ्हाइकाचं बोट नुसतं त्या दिशेला वळलं तरी आवाज येतो, "नक्को! हात अपने पास." माझ्या ताईची तीन महिन्यांची दुपार या बाईंनी सोपी केली, आणि ताईला त्यांचा चेहराही ठाऊक नाही. म्हणून त्यांचं आधी.

मी इथला नाही. माझं गाव भंडाऱ्याकडं, धानाच्या मुलखात. नववीत शाळा सोडली. सोडली म्हणजे, इंग्रजीचा तास टाळता टाळता शाळाच टळली. आता शेंद्र्याला एका कंपनीच्या स्टोअरमध्ये माल लावतो आणि पुंडलिकनगरला तिघांत एका खोलीत राहतो. स्वभाव भित्रा. गॅस बंद केला का हे बघायला जिन्यावरून दोनदा परत येतो. खोलीतले दोघं मला चौकीदार म्हणतात.

लहानपणी आमच्या घरात एक हातात धरून खेळायचा गेम होता. नागपूरच्या मामानं कुणाचा तरी वापरलेला आणून दिलेला, काळा, एका कोपऱ्यात चरा पडलेला. त्यात एकच खेळ चालायचा, शेतीचा. तुम्हाला एक पडीक वावर मिळतं, दगड काढा, पेरा, पाणी घाला, गाय घ्या, घर वाढवा. आमच्या दारात खरं वावर असताना आम्ही दोघं बहीणभाऊ त्या काचेतल्या वावरात राबायचो, त्यावरून मायनं किती बोल लावले! "इकडं निंदायले चाल म्हनलं तं कंबर दुखते, अन् तिकडं बोटानं नांगर चालवता!"

ताई माझ्याहून चार वर्षांनी मोठी. गेममधलं सगळं बोलणं इंग्रजीत यायचं आणि ते ती मला वाचून दाखवायची. दुकानदार आमच्या गावच्या कोतवालासारखा बोलायचा, गाय विकणारा म्हातारा चक्क उखाणे घालायचा. ती हे सगळं मनचं सांगत होती हे मला फार उशिरा कळलं. कळलं तेव्हा वाईट वाटलं नाही. माझा कोतवाल त्या खऱ्या दुकानदारापेक्षा चांगलाच होता.

आमच्याकडं घरामागच्या भाजीपाल्याच्या जागेला सांदवाडी म्हणतात. तिला बांबूचं कुंपण असतं, आणि त्या कुंपणात शेजारच्या घराकडं एक माणूस तिरपा होऊन जाईल एवढी वाट सोडलेली असते. शेजारीण त्या वाटेनं येते, कढीपत्ता तोडते, विस्तव नेते, चार गोष्टी बोलते. भांडण झालं की ती वाट बोराटीच्या काट्यांनी बुजवतात. तोंडानं काही बोलावं लागत नाही. वाट बुजली की समजायचं, संबंध संपले.

ताईनं गेममधल्या वावरालाही कुंपण घातलं, आणि नदीकडच्या अंगाला एक म्हातारी राहायची तिच्या बाजूनं वाट सोडली. मी म्हणायचो, "ते बुढी कधी येतच नाही, अन् ह्या वाटेनं तुही कोंबडी पळते." ती म्हणायची, "येईन. वाट ठेवली तं येईन." म्हातारी कधी आली नाही. वाट मात्र ताईनं कधी बुजू दिली नाही.

मग तिचं लग्न झालं. मी घर सोडलं तेव्हा तो गेम तिनंच माझ्या पेटीत टाकला, म्हणाली, "ने, तुले करमणार नाही तिकडं." मी नेला आणि पेटीच्या तळाला चार वर्षं तसाच पडू दिला. कामाच्या पाळ्या, परत येऊन जेवण, झोप. राहूनच गेलं.

यंदा भाऊजींचा फोन आला. त्यांच्या घरात नेट लागत नाही, अंगणात चुलीपाशी उभं राहिलं तर लागतं. ताईला सातवा महिना होता, आणि डॉक्टरीणबाईंनी खाटेवरून उठायचं नाही असं बजावलं होतं. मागच्या खेपेला जे झालं ते पुन्हा व्हायला नको म्हणून. भाऊजी अंगणात, ताई आत खाटेवर, आणि दोघांचं बोलणं भाऊजींच्या तोंडून माझ्यापर्यंत.

"ती विचारते, तो गेम हाय का अजून?"

"आहे ना."

आतून ताईचा आवाज लांबून आला. भाऊजी म्हणाले, "त्याच्यातलं वावर हाय का म्हनते. कोंबड्या मेल्या का काय म्हनते. दिवसभर छत पाहून पाहून पागल होऊन राहिली ती, बाप्पा."

"आहे म्हणा. जसंच्या तसं आहे," मी म्हणालो.

भाऊजी ट्रक चालवतात. पुढच्या रविवारी ते तांदूळ घेऊन जालना रोडनं यायचे होते, दुपारी करमाडला जेवायला थांबायचे होते. तिथं मी गेम त्यांच्या हाती द्यायचा असं ठरलं. फोन ठेवला आणि मी पेटी उघडली. गेमची बॅटरी फुगून पाठीमागचं झाकण वर आलं होतं. चार्जरला लावला तर दिवासुद्धा लागला नाही.

जसंच्या तसं आहे, असं सांगून मोकळा झालो होतो मी. न बघता. ताईनं आतापर्यंत माझ्याकडं कधी काही मागितलं नव्हतं.

दोन दुकानांत गेलो. एकानं गेम हातात घेऊन उलटासुलटा केला आणि म्हणाला, "लई जुना हाय भाऊ, भंगारात दे." दुसऱ्यानं हातातही घेतला नाही, पण त्यानंच सांगितलं, "छावणीत आपांकडं जा. त्या काय फेकून देत नाय."

शुक्रवारी पहिली पाळी संपवून गेलो. आपांनी आधी ती फुगलेली बॅटरी चिमट्यानं काढून वाळूच्या डबड्यात ठेवली. "हे घेऊन झोपत होतास का तू? पेटीबरोबर उडाला असतास." मग बाजूच्या खाचेतून एक छोटं कार्ड काढलं, भिंग डोळ्यावर ओढलं आणि कार्ड उजेडाकडं धरलं.

"गेम मेला," त्या म्हणाल्या. "पण जान इसमें है."

कार्ड कुठल्याच नेहमीच्या खाचेत बसत नव्हतं. आपांनी तळातला तिसरा डबा ओढला, वरचे दोन डुगडुगले, मी धरायला गेलो तर माझ्या हातावर चिमटा बसला. डब्यातून एक जुनी, पिवळी पडलेली वायर असलेली डबी निघाली. कार्ड तिच्यात बसलं. कंप्युटरवर फायली दिसल्या आणि मला तिथंच रडू येतंय की काय असं झालं.

आपांनी मला समजावलं, आणि ते मी आजवर विसरलो नाही. "बहुरूपी बघितलास ना? माणूस तोच, पण पोलिसाचे कपडे घातले की शिट्टी पण मारतो. तुझ्या फोनमध्ये एक ॲप टाकते. त्याला एम्युलेटर म्हणतात. फोन तुझ्या गेमचं सोंग घेईल. फक्त त्याच्या हातात सामान द्यायचं. ही मोठी फाईल म्हणजे खेळ. आणि ही छोटी फोल्डर, हे तुम्ही खेळलात ते. तुमची शेती यात."

माझा एक जुना फोन होता, गाण्यांपुरता खिशात ठेवलेला. तो ताईला पाठवायचा ठरवलं. आपांनी ॲप टाकलं, फायली टाकल्या, तोवर फोनची बॅटरी संपून पडदा काळा झाला. दुकानात गर्दी, चार्जिंगची सगळी भोकं भरलेली. आपा म्हणाल्या, "घरी जाऊन चार्ज कर, ॲप उघड, मोठी फाईल दाव. बस. दुसऱ्या कशाला हात लावायचा नाही. समजलं का, धानवाले?"

समजलं होतं. हो म्हणालो होतो.

आता माझी चूक. आमच्या कंपनीत भिंतीभिंतीवर लिहिलंय, प्रत्येक वस्तूला जागा आणि प्रत्येक वस्तू जागेवर. नवा माल एका रॅकला, परत आलेला, वापरलेला माल दुसऱ्या रॅकला. दोघांची मिसळ झाली तर साहेब आख्ख्या पाळीसमोर उभं करतो. चार वर्षांत ते माझ्या हाडात गेलंय. खोलीत माझ्या चपलांभोवती फरशीवर पिवळी पट्टी मारलीय मी. दोघं हसतात, पण त्यांच्या चपला हरवतात, माझ्या नाही.

शनिवारी ओव्हरटाइम करून रात्री आठला आलो, फोन चार्ज झालेला, फायलींची यादी उघडली आणि बघतो तर काय, सगळा पसारा. नवंजुनं एकात एक. आपा घाईत होत्या, राहिलं असेल, असं मला वाटलं. मी दोन फोल्डर केले. एकाला नाव दिलं ‘नवा माल’, त्यात खेळाची मोठी फाईल. दुसऱ्याला ‘वापरलेला माल’, त्यात आमची शेती. सुबक. मग ॲप उघडलं आणि नव्या मालातली फाईल दाखवली.

संगीत वाजलं. तेच संगीत. मी खोलीत एकटाच उभा राहिलो. मग दोन ओळी आल्या, वरची नवा खेळ आणि खालची जुना खेळ पुढं. एवढं इंग्रजी मला येतं. पण खालची ओळ फिकट होती. दाबली, काही नाही. पुन्हा दाबली. ॲप बंद करून उघडलं. फोन बंद करून उघडला. फिकट ती फिकटच.

शेती गेली, असं मी समजलो. कार्डातून येताना मेली असणार. आपांना फोन करावा तर नंबर घेतला नव्हता, आणि एवढ्या वेळात दुकान बंद झालं असणार. भाऊजी उद्या दुपारी करमाडला. आणि ताईला सांगून बसलेला मी, जसंच्या तसं आहे.

मग मी जे केलं ते सांगायला लाज वाटते. मी नवा खेळ सुरू केला आणि ताईचं वावर आठवून आठवून पुन्हा बनवायला लागलो. तिला कळणारच नाही, असं मनात म्हणत. दगड काढले, नदीकडं चार ओळी पेरल्या, कुंपण घातलं. बोटं भराभर चालत होती. खोलीतले दोघं आले, एकानं डोकावून विचारलं, "काय चौकीदार, शेती घेतली काय?" दुसरा म्हणाला, "चार दिवसांत ट्रॅक्टर घेतो बघ हा." मी पेरतच राहिलो. जेवण होईस्तोवर एक कोपरा तयार झाला होता. मी मान वर करून तो लांबून बघितला.

कुंपण चारी बाजूंनी बंद होतं. सरळ, सुबक, एका ओळीत, माझ्या चपलांच्या पट्टीसारखं. वाट सोडायचं मला सुचलंच नव्हतं.

ताईनं हे उघडलं असतं तर पहिल्यांदा तिकडंच बघितलं असतं. तिला वाटलं असतं, माझ्या भावानं वाट बुजवली. मी वाट करायला गेलो, तर नेमकी कुठल्या खुंटापाशी होती तेच आठवेना. आंब्याच्या अलीकडं का पलीकडं? आंबा होता की नुसती झुडपं? तेव्हा कळलं, हे आपल्याच्यानं व्हायचं नाही. फोन बाजूला ठेवला.

रविवारी सकाळी दुकान उघडायच्या आधी छावणीत जाऊन उभा. आपा आल्या, माझं तोंड बघितलं आणि कुलूप काढता काढता म्हणाल्या, "कोण मेलं?"

"शेती."

"आधी आत तर ये."

मी सगळं सांगितलं. नवी शेती रचून ताईला फसवायला निघालो होतो तेही सांगितलं. आपांनी फोन घेतला, फायली उघडल्या आणि यादी वरपासून खालपर्यंत बघितली. मग भिंग कपाळावर सरकवलं.

"हे नवा माल, वापरलेला माल काय आहे?"

"मी लावलं. पसारा झाला होता ना."

"मी काय बोलले होते?"

"हात लावू नको."

"और तूने गोदाम बना दिया!" आपा अशा हसल्या की गिरणीवाल्यानं पीठ भरता भरता मान काढून बघितलं. "अरे बावा, एम्युलेटर एकाच ठरलेल्या जागी शोधतो. तू पातेलं ठेवलं स्वयंपाकघरात, झाकण ठेवलं गच्चीवर, आणि रडतोस की दूध उतू गेलं. कायकू रोताय? काही गेलं नाही. हे बघ, इथं बसलंय तुझं."

मी स्टुलावर टेकलो. पण काम संपलं नव्हतं. कालच्या माझ्या खोट्या शेतीनं ठरलेल्या जागी त्याच नावाचं आपलं फोल्डर करून ठेवलं होतं. आपांनी जुनी शेती तिथं आणली तशी फोननं पाटी दाखवली आणि उत्तराला दोन शब्द दिले. मला घाई. मी बोट पुढं केलं. चिमटा बसला.

"वाचलं का काय लिहिलंय?"

"नाही."

"मग दाबतोस कशाला? तो विचारतोय, एकाच्या जागी दुसरं ठेवू का. कुणाच्या जागी कोण, ते बघायला नको?" त्यांनी पाटी घालवली. आधी जुन्या शेतीची एक नक्कल आपल्या कंप्युटरवर ठेवली, एक माझ्या दुसऱ्या फोनवर. मग माझी खोटी शेती उचलून वेगळी काढली. मगच जुनी शेती तिच्या जागी ठेवली. सगळं सावकाश, भाकरी उलटावी तसं. आणि मला म्हणाल्या, "चूक पण तुझी, आणि बरकत पण तुझीच. दोन वेगळ्या जागी ठेवलं म्हणून एकानं दुसऱ्याला खाल्लं नाही. आता उघड. तूच उघड."

ॲप उघडलं. संगीत. दोन ओळी. खालची आता ठळक होती. मी आपांकडं बघितलं. त्या म्हणाल्या, "ही दाब. ही वाचून दाब."

मी अक्षर लावून वाचली आणि दाबली.

पडदा काळा झाला, आणि मग आमचं वावर आलं. गाय उभी होती. कोंबड्या चार, मला तीन आठवत होत्या. आंबा नव्हताच, बोरीसारखं एक झाड होतं. कुंपण वाकडं, कुठं दुहेरी, कुठं एक खुंट जास्तीचा, ताई घाईनं लावायची तसं. आणि नदीच्या अंगाला, त्या झाडाच्या पलीकडं, एक खुंट सोडून वाट.

मी काय बोललो ते आठवत नाही. आपांनी विचारलं, "हे भोक कसलं? बकरी जाईल ना पळून." मग मी त्यांना सांदवाडीचं सांगितलं, विस्तवाचं, कढीपत्त्याचं, बोराटीचं. त्या ऐकत राहिल्या. मग म्हणाल्या, "आमच्या मोहल्ल्यात भिंतीला खिडकी असायची अशी. त्यातून सालनची वाटी जायची इकडून तिकडं." एवढंच बोलून त्यांनी माझा फोन ओढणीच्या टोकानं पुसला. "जा आता. ट्रक निघून जाईल."

करमाडला भाऊजी बाजेवर बसून पिठलं-भाकर खात होते. फोन त्यांनी सदऱ्याच्या आतल्या खिशात ठेवला, वरून दोनदा थापटलं. मी त्यांना कसं उघडायचं, कोणती ओळ दाबायची ते तीनदा सांगितलं. ते म्हणाले, "अरे, तांदूळ पोचवतो ना मी, हेही पोचवतो." ट्रक वळेपर्यंत मी रस्त्यावर उभा होतो. सवयच ती.

मंगळवारी दुपारच्या सुट्टीत फोन वाजला. भाऊजी अंगणात.

"पोचला. उघडला. तुही ताई कवापासून त्याच्यातच हाय, माह्यासंगं बोलाले फुरसत नाही तिले."

"काय म्हणते?"

त्यांनी आत हाक मारली. आतून ताईचा आवाज आला, आणि या वेळी भाऊजींना सांगावं लागलं नाही, मला सरळ ऐकू आला, एवढ्या मोठ्यानं ती ओरडली.

"वाट हाय रे! बुढीची वाट हाय!"

मागून तिची सासू, "हळू वो बाई, हळू!" आणि हसणं. मी कँटीनच्या भिंतीला पाठ टेकून उभा राहिलो. ताट हातात तसंच. चार दिवसांत पहिल्यांदा भूक लागली.

आता ताईची तारीख जवळ आली आहे. डॉक्टरीणबाई म्हणतात, सगळं ठीक चाललंय. खाटेवर पडल्या पडल्या तिनं दोन गाई घेतल्यात. फोनवर ती मला कोतवालाचे नवे बोल सांगते, आणि मी खरे मानून ऐकतो.

आपांकडं नंतर दोनदा जाऊन आलो. काही न्यावं म्हटलं तर घेत नाहीत. "तेरी बहन उठके बैठे, बस." पण दुसऱ्यांदा गेलो तेव्हा बघितलं, त्या एक बारीक स्क्रू शोधत होत्या, पाचवा डबा उघडला, सहावा, आणि डोळ्याला ताण पडून पाणी यायला लागलं होतं. म्हणाल्या, पूर्वी हात आपोआप जायचा, आता डोळे दगा देतात. मी हात पाठीमागं धरले, कारण डब्याला हात लागला की चिमटा.

पण मी ठरवलंय. एक दिवस त्या हो म्हणतील. तोवर मी इंग्रजी अक्षरं नीट वाचायला शिकेन, म्हणजे भागांवर लिहिलेलं मला समजेल. मग रजा काढून येईन आणि त्यांचे सगळे डबे लावून देईन, वर मोठ्या अक्षरात नावं लिहून, भिंग न लावता दिसतील अशी. त्यांच्या शेजारी बसून लावेन, कुठल्या वस्तूसोबत कुठली राहते ते प्रत्येक वेळी विचारून. त्यांनी हात लावू नको म्हटलं तर या वेळी खरंच लावणार नाही. पण करेन. आपा, हे मी करेनच.